यादीतलं पहिलं नाव

१० सप्टेंबर १९७८, रविवार

आधी माफी. मार्चच्या एकवीस तारखेनंतर या वहीत मी एक अक्षर लिहिलेलं नाही. त्या दिवशी शिकागोतलं आमचं साप्ताहिक बंद पडलं, आणि बावीस वर्षं दुसऱ्यांच्या मजकुरातल्या चुका शोधणाऱ्या बाईजवळ स्वतःबद्दल लिहिण्यासारखं काही उरलं नाही. (हे वाक्य नाटकी झालं. खोडत नाही. खरं कारण आळस आणि लाज.)

ऑगस्टमध्ये आईला अर्धांगवायूचा झटका आला. आठ वर्षांपूर्वी निवृत्त होऊन ती इथे, मॅकनेअर बेंडला, माहेरच्या गावी परतली होती. मी मात्र या गावात राहायला अशी पहिल्यांदाच आले. दोन सुटकेसा आणि शब्दकोश घेऊन परवा बसमधून उतरले, तर शेजारची मिस टेंपी मक्याचा पाव आणि पालेभाजीचं पातेलं घेऊन पायरीवर बसलेली. माझ्याकडे वरपासून खालपर्यंत बघून म्हणाली, शिकागोत लोकांना खायला देत नाहीत वाटतं! मी सेहेचाळीस वर्षांची. ती मला 'पोरी' म्हणते.

आईची उजवी बाजू गेली आहे. वाचाही. डाव्या हातातल्या अंगठीनं ती पलंगाच्या दांडीवर तीनदा ठोकते: टक, टक, टक. म्हणजे 'मी आहे'. उशाशी रेडिओ. तो बंद केलेला तिला चालत नाही.

आज चर्चच्या पायरीवरच मला नोकरी मिळाली! गावच्या रेडिओ स्टेशनचे मालक मिस्टर लन्सफर्ड यांनी आईची चौकशी केली, मी काय करत होते ते विचारलं आणि म्हणाले, आमचे मिस्टर बर्डसाँग जुलैत वारले, एकतीस वर्षं तेच नावं वाचायचे. लोकांची नावं न मोडता वाचेल असं माणूस हवंय, उद्या सकाळी या. मी म्हटलं, माझा आवाज रेडिओचा नाही. ते म्हणाले, माझाही नाही, पण स्टेशन माझं आहे.

घरी येताना मी चक्क गुणगुणत होते.

१२ सप्टेंबर, मंगळवार

स्टेशन म्हणजे सोयाबीनच्या शेतात सिमेंटच्या विटांचं दोन खोल्यांचं घर, मागे मनोरा, दारात लन्सफर्डांची व्हॅन. आत तापलेल्या यंत्राचा आणि शिळ्या कॉफीचा वास. परवाना फक्त उजेडाचा आहे: सूर्य उगवला की सुरू, मावळला की बंद. सध्या सव्वासातला बंद होतं, हिवाळ्यात पाचलाच. लन्सफर्ड म्हणतात, आमचं स्टेशन कोंबडीच्या जातीचं, अंधार पडला की चोच मिटली.

दिवसभर भक्तिगीतं, माशांचे भाव, हरवलेली कुत्री, शाळेतलं जेवण. पण सगळा दिवस उभा आहे तो दहा चाळीसच्या यादीवर. अंथरुणाला खिळलेल्यांची यादी: नाव, पत्ता. यादी संपली की पाच मिनिटं नुसता ऑर्गन, कारण तेवढा वेळ घराघरांत लोक हातातलं काम ठेवून त्या नावांसाठी प्रार्थना करतात. शिलाईच्या कारखान्यातसुद्धा मशिनं थांबतात म्हणे. मग दुपारी बाराला निधनवार्ता, ग्रँडबेरी अंत्यसंस्कारगृहाच्या सौजन्याने.

यादीतून नाव निघतं ते दोनच वाटांनी. माणूस स्वतःच्या पायांनी चर्चमध्ये चालत आला, की मिस टेंपी (चर्चची कारकून तीच) सर्वांसमोर त्याचं कार्ड फाडते. नाहीतर बारा वाजता त्याचं नाव वाचलं जातं. तिसरी वाट नाही. आणि निधनवार्तेत गेलेलं नाव पुन्हा यादीत येत नाही. लन्सफर्ड म्हणाले, मेलेल्याला आजारी म्हटलं तर ग्रँडबेरी जाहिरात काढून घेईल.

कार्डं सिगारच्या खोक्यात असतात. त्रेचाळीस. सर्वांत वरचं पिवळं पडलेलं, कोपरे अंगठ्यानं झिजून गोल झालेले: 'ब्रदर इझेल टॉलिव्हर. जुन्या जिनिंगमागे.' चर्चचं नाव नाही, तारीख नाही. आईचं कार्ड सर्वांत खाली, नवंकोरं: 'मिसेस ओझेला रेन्फ्रो. पेकन स्ट्रीट.'

आज पहिल्यांदा वाचलं. घरी आल्यावर टेंपीनं सांगितलं, की आईचं नाव आलं तेव्हा तिनं तीनदा ठोकलं.

१९ सप्टेंबर, मंगळवार

खोड जात नाही. आठवडाभरात प्रत्येक नाव फोन करून तपासलं. एक बाई दोन वर्षांपूर्वी लेकीकडे दूर गॅरी शहरात राहायला गेलेल्या. एक गृहस्थ ठणठणीत, फक्त चर्चमध्ये यायचा कंटाळा. सहा दुरुस्त्या निघाल्या. लन्सफर्ड मला 'इन्स्पेक्टर शिकागो' म्हणू लागले आहेत. दोन्ही वाटा पाळूनच नावं काढली. त्या गृहस्थांना टेंपीनं रविवारी हाताला धरून आणलं.

राहिला टॉलिव्हर. चार जणांना विचारलं. टेंपी म्हणाली, हो, तो बऱ्याच दिवसांपासून आजारी आहे. कोणी भेटायला जातं का? अलीकडे नाही. न्हावी म्हणाला, वाचत राहा, मॅम. पोस्टातली बाई म्हणाली, चांगल्या घरचा मुलगा. कोणी खोटं बोलत आहे असं वाटलं नाही. कोणी काही सांगत आहे असंही वाटलं नाही.

मी जुन्या जिनिंगमागे, त्या बंद पडलेल्या कापूस कारखान्यामागे, जाऊन आले. पत्रे गंजलेले, सरकीचा कुजका वास, पुढे डोह. घर नाही. घराचा चौथरासुद्धा नाही.

३ ऑक्टोबर, मंगळवार

आज कोर्टात गेले. तिथल्या गोऱ्या कारकुनानं दहा मिनिटांत मृत्यूचा दाखला काढून दिला: इझेल टॉलिव्हर, वर्ण काळा, वय सव्वीस, ऑगस्ट १९४७, बुडून अपघाती मृत्यू. खाली शेरीफची सही.

तर एकतीस वर्षं हे स्टेशन एका मेलेल्या माणसासाठी प्रार्थना मागत आहे. मला समाधान वाटलं, हे प्रामाणिकपणे लिहिते. चूक सापडल्याचं जे समाधान असतं ते. लन्सफर्ड परवान्याच्या कामाला जॅक्सनला गेलेत, शुक्रवारी येतील. थांबावं का? पण रोज सकाळी जाणूनबुजून खोटं वाचायचं?

४ ऑक्टोबर, बुधवार

नियमानुसार केलं. दहा चाळीसला त्याचं नाव गाळलं, बाराला वाचलं. एकतीस वर्षांपूर्वीची नोंद आज मिळाली, असं स्पष्ट सांगितलं. निधनवार्तेच्या छापील कार्डावर शेवटी एक ओळ असते, 'अंत्यविधीची वेळ मागाहून कळवण्यात येईल.' तीही वाचून गेले. सवयीनं.

त्यानंतर बंद होईपर्यंत स्टेशनचा फोन एकदाही वाजला नाही. एरवी तो खाली ठेवता येत नाही. दोनदा उचलून पाहिला, चालू होता.

दुकानात अंडी घेतली. बाईनं माझ्याकडे न बघता पिशवी सरकवली.

५ ऑक्टोबर, गुरुवार

खोक्यात पहिली जागा रिकामी होती. मी आईचं कार्ड तळातून काढून तिथे ठेवलं. पहिल्या नावाला प्रार्थना जास्त मिळत असणार, असं मनात आलं. हा पक्षपात आहे, म्हणून नोंदवून ठेवते.

६ ऑक्टोबर, शुक्रवार

लन्सफर्ड आले. ओरडले असते तर बरं झालं असतं. खुर्ची ओढून बसले आणि म्हणाले, तुला कोर्टातला कागद खरा वाटला? इतकं शिकलीस, आणि त्या सहीवर विश्वास ठेवलास?

इझेल टॉलिव्हर युद्धावरून परतला तो गणवेश घालून मतदार म्हणून नाव नोंदवायला कोर्टाच्या पायऱ्या चढला. गोऱ्यांनी पायऱ्यांवरच बेदम मारलं त्याला. घरी अंथरुणात होता तेव्हा चर्चनं त्याचं नाव आजाऱ्यांच्या यादीत घातलं. तिसऱ्या दिवशी त्याला अंथरुणातूनच उचलून नेलं. जिनिंगमागे. प्रेत मिळालं नाही. मग शेरीफनं तो दाखला केला, बुडून मेला म्हणून. त्याची आई म्हणाली, त्यांनी मेला म्हटलं म्हणून आपण म्हणायचं नाही. माझ्या हातात देह द्या, मग मेला म्हणा, तोवर माझा मुलगा आजारी आहे. बर्डसाँगनी तिला शब्द दिला. ती वारली तरी वाचत राहिले.

मी म्हटलं, कोणी मला सांगितलं का नाही? ते म्हणाले, या गावात ते सांगावं लागेल असं माणूस कधी आलंच नव्हतं.

मी म्हटलं, उद्यापासून परत वाचते. त्यांनी खोकं स्वतःकडे ओढलं. म्हणाले, एकतीस वर्षं त्यांचं खोटं आपल्या तोंडून निघालं नव्हतं. आता निघालं. आता कोणत्या तोंडानं आजारी म्हणायचं?

मी चूक दुरुस्त केली नाही. मी शेरीफची सही गिरवली.

९ ऑक्टोबर, सोमवार

यादी संपली, ऑर्गन सुरू झाला. या पाच मिनिटांत कोणी फोन करत नाही. दहा बावन्नला वाजला.

तरुण आवाज, अदबशीर, मागे पाण्याचा खळखळाट. म्हणाला, त्रास देतो, मॅम, पण तुम्ही वेळ सांगितली नाहीत. मी विचारलं, कसली? म्हणाला, माझ्या अंत्यविधीची. मागाहून कळवू म्हणालात, तेव्हापासून ऐकतोय.

मी म्हटलं, ही चेष्टा फार हलकट आहे. तो म्हणाला, होय मॅम. मग: मी तक्रार करत नाही. पण इतकी वर्षं सगळे रोज माझ्यासाठी मागत होते ना, त्यानं माणूस वर येतो, हळूहळू. उठून बसलो होतो, मॅम. एक पाय खाली टेकला होता.

लन्सफर्डांना सांगितलं नाही. ते म्हणतील, की मला शिक्षा म्हणून गावातलाच कोणी करत आहे. तसंच असेल. तसंच असावं.

१४ ऑक्टोबर, शनिवार

आईची उजवी बोटं हलली! टेंपीनं पाहिलं, मी पाहिलं. डॉक्टर म्हणाले, दोन महिन्यांनी असं सहसा होत नाही. मी स्वयंपाकघरात जाऊन रडले. पहिली जागा. मी तिला पहिली जागा दिली म्हणून. असं म्हणणं चूक आहे, तरी म्हणते.

२० ऑक्टोबर, शुक्रवार

आई उभी राहिली. काल चार पावलं, आज दारापर्यंत. वाचाही परतते आहे. आवाज जाड आहे, घशात गाळ बसल्यासारखा. आनंद व्हायला हवा, आणि होतोही आहे. पण जे दिसतं ते लिहायचं असं मी ठरवलं आहे.

सकाळी तिनं स्वतः अंथरूण आवरलं. चादरीचे कोपरे असे घट्ट दुमडलेले, की नाणं टाकलं तर उडेल. आई आयुष्यात कधी असं करत नव्हती.

ताकाचा वास तिला सहन होत नसे. आज पेल्यात ताक ओतून त्यात मक्याचा पाव कुस्करला आणि खिडकीशी उभ्यानं चमच्यानं खाल्ला, पाय फाकून. टेंपी टोपली घेऊन आत आली, ते बघितलं, टोपली जमिनीवर ठेवली आणि तशीच घरी गेली.

पेला मी घेतला तेव्हा ती म्हणाली, आभारी आहे, मॅम.

आई ठोकत नाही आता. बोलते ना, म्हणून असेल.

२३ ऑक्टोबर, सोमवार

पलंगापासून खिडकीपर्यंत ओली पावलं. तीन दिवस रोज सकाळी. मी पुसते. फडक्याला सरकीचा वास येतो.

त्या माणसाचा फोन पुन्हा आला नाही. तो एकच, नऊ तारखेला. बोटं हलली चौदाला. ही जुळवाजुळव मी आज केली. करायला नको होती.

२७ ऑक्टोबर, शुक्रवार

दहा बावन्न. मी हॅलो म्हणायच्या आत:

विनी.

मला विनी म्हणणारं जगात एकच माणूस आहे. जुलैत फोनवर ऐकला होता तो आवाज, झटक्याआधीचा. म्हणाली, इथे फार ओलं आहे गं. म्हणाली, रेडिओ ऐकू येतो, पण तुम्ही संध्याकाळी बंद केलात की काहीच येत नाही, मग फार वेळ काहीच नाही. मग रागावली, अगदी तिच्यासारखी: इतकी शिकलीस आणि पत्ता चुकीचा वाचतेस? नाव माझं, पत्ता घरचा. सगळ्यांचं मागणं तिकडे जातं. मी तिथे नाही, विनी.

मग फोनवर: टक, टक, टक.

घरी फोन लावला. टेंपीनं उचलला. विचारलं, आई कुठे आहे? म्हणाली, समोर आहे, बुटांना पॉलिश करतेय.

३० ऑक्टोबर, सोमवार

आज पत्ता बदलून वाचला. 'मिसेस ओझेला रेन्फ्रो. जुन्या जिनिंगमागे.' लन्सफर्डांनी काचेपलीकडून मान वर केली. अडवलं नाही.

दहा पन्नासला टेंपीचा फोन. आई स्वयंपाकघरात कोसळली. तोंड राखेसारखं, नाकातोंडातून पाणी. मी धावत गेले. श्वास चालू होता, जेमतेम. डोळे उघडून माझ्याकडे बघितलं, त्यात राग नव्हता. भीती होती. सव्वीस वर्षांच्या पोराची.

तो गेला आणि ती वर पोचली नाही तर? मधे कोणीच नसलं तर हा देह—

३१ ऑक्टोबर

पेकन स्ट्रीट वाचलं. घरी ते उठून बसलं.

फोनवर नुसतं पाणी.

३ नोव्हेंबर, शुक्रवार

विचारलं. समोर बसून, सरळ. तुम्ही कोण?

माहीत आहे ना, मॅम, म्हणाला. आईच्या तोंडून. हात गुडघ्यांवर, पाठ ताठ. म्हणाला, मी ओढून घेतलं नाही. ते पहिल्या नावासाठी मागत होते. एकतीस वर्षं ती जागा माझी होती. ते मागत राहिले आणि मी उठलो, तर उठलो तो इथे. आणि बाई माझ्या जागी गेल्या. मला वाईट वाटतं, मॅम.

मला खरं वाटलं. माझ्या चुकीनं झालं. त्याच्या नव्हे.

मी म्हटलं, मला आई हवी आहे. तो म्हणाला, मलाही हवी होती.

मग म्हणाला, रविवारी चर्च. स्वतःच्या पायांनी. आणि मंगळवारी मतदान आहे, मॅम. त्याच कोर्टात. मंगळवारनंतर मी आपला आपण आडवा होईन. शब्द देतो.

चार दिवस. आई पाण्यात आहे. पाचला बंद होतं आता. पाचपासून सकाळपर्यंत तिथे काय—

५ नोव्हेंबर, रविवार

चालत आत आला. मधल्या वाटेनं. सगळे उभे राहिले. रेव्हरंड मोठ्यानं म्हणाले, सिस्टर रेन्फ्रो आपल्या पायांनी आल्या, देवाची कृपा! तरुण मंडळींनी टाळ्या वाजवल्या. म्हाताऱ्यांनी नाही. ते पावलांकडे बघत होते. पुढच्या बाकावरची एक म्हातारी ओक्साबोक्शी रडली, आणि ते आईसाठी नव्हतं.

टेंपीनं कार्ड हातात घेतलं. माझ्याकडे बघितलं. मी मान हलवायला हवी होती. नको म्हणायला हवं होतं. हे कार्ड फाटलं की आई कुठेच नाही. आजाऱ्यांत नाही, मेलेल्यांत नाही.

फाडलं.

बाहेर टेंपी माझ्या कानाशी म्हणाली, त्याची आई हे बघायला हवी होती, पोरी.

मी म्हटलं, माझी?

ती पायऱ्या उतरू लागली.

६ नोव्हेंबर, सोमवार

दहा चाळीस. नवं कार्ड काल करून ठेवलं होतं. नाव, आणि बरोबर पत्ता. कार्ड माझ्या हातात, माइक चालू. वाचलं असतं तर ती वर. निदान थोडी. आणि तो खाली. मतदानाच्या आदल्या दिवशी, अंथरुणातून, दुसऱ्यांदा. या वेळी माझ्या हातानं.

खाली ठेवलं. दुसऱ्या नावापासून वाचलं.

एक दिवस दिला त्याला. माझ्या आईचा.

दहा बावन्न: वाजला नाही. अकरा: नाही. पाच वाजता बंद केलं तेव्हाही फोनवर हात ठेवून—

७ नोव्हेंबर, मंगळवार

आजही वाचलं नाही. त्याला आजचा दिवसही दिला. का दिला—

मतदार यादीत आईचं नाव होतंच. लन्सफर्ड दर मतदानाला म्हाताऱ्यांना व्हॅनमधून नेतात. मागून मला सांगितलं: पायऱ्यांशी थांबली, बूट पायऱ्यांवर घासले, म्हणाली, त्याच आहेत. एक एक चढली. आत दोन मिनिटं. बाहेर आली ती हसत. लन्सफर्ड सांगताना टोपी हातात घेऊन उभे होते. शोकाच्या घरात टोपी काढून उभं राहतात तसे. म्हणजे त्यांनाही माहीत—

साडेतीनला घरी आला. बूट काढून पलंगाखाली जोडीनं ठेवले. चादर ताणली. वर झोपला, हात छातीवर. म्हणाला, आता वेळ सांगायला हरकत नाही, मॅम.

त्यानंतर श्वास नाही. मी नाव घेतलं. आई. आई. आत कोणी येईल म्हणून वाट पाहिली. वीस मिनिटं. कोणी आलं नाही. हात थंड. आईचेच हात.

टेंपी वही घेऊन आली. ग्रँडबेरीला कळवायचं, म्हणाली, शुक्रवारी अकरा. नाव कोणतं घालू? मी चादरीचा कोपरा सरळ करत होते. तिनं लिहिलं. मी वाचलं. स्पेलिंग बरोबर होतं. इझेल टॉलिव्हर. मी खोडलं नाही. एकतीस वर्षांनी त्याला देह मिळाला.

तिचं काय—

चार पंचावन्नला स्टेशनवर होते. बंद करायला पाच मिनिटं. फोन. उचलला. पाणी. फार खालून. आवाज नाही, शब्द नाही. मी विनी आहे म्हटलं. आई, मी विनी. नुसतं पाणी, आणि मग, अगदी हलकं—

टक.

टक.

तिसरं ऐकायच्या आत पाच वाजले. लन्सफर्डांनी कळ खाली केली, आणि फोनही मुका झाला. नियम आहे.

आहे ती. शुक्रवारी सगळं गाव तिला मातीत पोचवून येईल, आणि तरी ती आहे. बर्डसाँगना एकतीस वर्षं लागली. मी सेहेचाळीस. किती वर्षं वाचू शकेन? आणि ती उठेल तेव्हा कोणाच्या अंथरुणात? हे मी विचारत नाही. तपासणार नाही. कोणी शिकलेलं माणूस येऊन म्हणेल, हे नाव चुकीचं आहे. त्याला कोणी काही सांगू नये? नाही, मी सांगेन. सगळं सांगेन. ही वही खोक्याच्या तळाशी—

उजेड गेला. तिथे आता काहीच ऐकू येत नसेल.

उद्या, दहा चाळीस: पहिलं नाव वाचणे. मिसेस ओझेला रेन्फ्रो, जुन्या जिनिंगमागे,